मौजे जिते येथील एक कल्पित प्रकाशनगृह

मौजे जिते, तालुका पेण, येथे एक प्रकाशनगृह आहे, अशी कल्पना वाचकांनी घटकाभर करावी. ते प्रत्यक्षात नाही, हे आरंभीच सांगून टाकतो, म्हणजे महामार्गाने कोकणात उतरताना खारपाड्याचा पूल ओलांडल्यावर कोणी त्याची पाटी शोधीत बसणार नाही. या गृहाच्या जावक बारनिशीत शके १२१२ मधल्या एका श्रोत्याच्या नावे रवाना झालेले पुडके नोंदलेले आहे. आवक बारनिशीत अद्याप जन्मास न आलेल्या एका मुद्रितशोधकाची तक्रार रुजू आहे. कोठारातल्या काही ग्रंथांचे लेखक अजून पाटीवर अक्षरे गिरवीत आहेत, आणि काही ग्रंथांच्या अखेरच्या पानावर शुद्धिपत्र पुढील शतकी मिळेल, एवढीच सूचना आहे. या कल्पनेला पोरखेळ म्हणून हसण्यास माझी हरकत नाही. परंतु हसून झाल्यावर जो प्रश्न उरतो तो पोरखेळाचा नाही. एका पिढीने आरंभावा, दुसरीने पुरा करावा, तिसरीने दुरुस्त करावा आणि तरीही तो एकच ग्रंथ राहावा, असा व्यवहार जी संस्था चालवील तिचे खरे भांडवल कोणते? कागद, द्रव्य, विद्वान, की ज्याची जमाखर्चात नोंदच होत नाही असे आणखी काही?

जिते हे गाव निवडण्यास एक कारण त्याच्या नावात आहे. जिते म्हणजे जिवंत असलेले. जितेपणी हा शब्द आपल्या बोलण्यातून अजून गेलेला नाही. गावाच्या नावाची व्युत्पत्ती हीच आहे असा दावा मी करीत नाही. स्थलनामांच्या व्युत्पत्तीत भल्याभल्यांचे पाय घसरले आहेत. दुसरे कारण अधिक भक्कम आहे, आणि ते शेजारच्या गावांतील धंद्याचे आहे. पनवेलहून रोह्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावर आपटे सोडले की जिते लागते आणि जित्यानंतर हमरापूर. हे हमरापूर, तसेच जोहे, कळवे, तांबडशेत ही आसपासची गावे गणेशमूर्तींच्या कारखान्यांची आहेत. ज्या दिवशी आपण अनंत चतुर्दशीची मिरवणूक आटोपून, भिजल्या कपड्यांनी, रिकामा पाट घेऊन घरी परततो, त्यानंतर थोड्याच दिवसांनी या गावांतल्या मांडवांत पुढच्या वर्षाच्या मूर्ती साच्यातून निघू लागतात. आपल्या लेखी जो उत्सव संपला, तो तिथे वर्षभर भविष्यकाळ म्हणून फळीवर वाळत पडलेला असतो.

आता हा भविष्यकाळ त्यांना कोण सांगतो? पंचांग सांगते. चतुर्थी ते चतुर्थी हे अंतर काही वर्षी ३५४ दिवसांचे असते, आणि मधे अधिक मास पडला की तेच ३८४ दिवसांच्या घरात जाते. २०२२ साली गणेश चतुर्थी ३१ ऑगस्टला आली आणि पुढल्या वर्षी, श्रावण अधिक असल्यामुळे, १९ सप्टेंबरला. कारखानदाराला जवळजवळ तीन आठवडे जास्त मिळाले. रंगाऱ्याची मजुरी, माती वाळण्याचे दिवस, कर्जाचे व्याज, गोदामाचे भाडे, हे सारे त्या एका अधिक महिन्यावर मागेपुढे होते. म्हणजे अजून न उगवलेल्या वर्षाचे पुस्तक आधी छापून येते आणि त्या पुस्तकाप्रमाणे माणसे आज हात चालवितात. माझ्या कल्पित प्रकाशनगृहाचा चमत्कार याहून वेगळा तो काय? गणपत कृष्णाजींनी १८३१ साली मुंबईत शिळाप्रेसवर मराठी पंचांग छापले, आणि सोवळ्याओवळ्याचा आक्षेप येऊ नये म्हणून शाईत चरबीऐवजी तूप घातले, असे सांगतात. त्याआधी जोशीबुवा हाताने लिहून जे घरोघर पोचवीत होते तेच त्यांनी छापले. परंतु हाताने लिहिलेले भविष्य एका आळीचे असते आणि छापलेले भविष्य मुलखाचे होते. जावजी दादाजींनी १८६९ मध्ये काढलेल्या छापखान्याचे नाव निर्णयसागर, आणि त्यांच्या पंचांगाचे नावही तेच. सोलापूरचे दाते पंचांग शके १८३८ पासून निघत आहे. वर्ष सरताच रद्दी होणारी ही पुस्तके. साहित्याच्या इतिहासात त्यांना कोणी पान देत नाही, हा मला त्या इतिहासाचा एक मोठा आळस वाटतो.

पंचांगाची गोष्ट मी एवढ्या विस्ताराने सांगितली याचे कारण असे, की काळाच्या आरपार जाणाऱ्या ग्रंथाविषयी आपल्या मनात एक निराळीच मूर्ती बसलेली असते. असा ग्रंथ म्हणजे पेटीत बंद केलेला, कुलूप लावलेला, कसर आणि वाळवी यांपासून सुरक्षित ठेवलेला, आणि योग्य मुहूर्तावर उघडावयाचा. या मूर्तीला प्रत्यक्ष देह देण्याचा एक प्रयत्न आपल्या काळात नॉर्वे देशात चालू आहे. ऑस्लो शहरानजीकच्या अरण्यात २०१४ साली केटी पॅटरसन या कलावतीने एक हजार सूचिपर्णी रोपे लावविली; दरसाल एका लेखकाने आपले हस्तलिखित द्यावे, ते कोणी वाचू नये, आणि २११४ साली त्या झाडांचा कागद करून शंभर हस्तलिखिते त्यावर छापावी, असा तो संकल्प आहे. पहिले हस्तलिखित मार्गारेट ॲटवुड यांनी दिले. संकल्प उदात्त आहे. त्यामागचा विश्वास, म्हणजे शंभर वर्षांनी अरण्य उरेल, छापणारे उरतील आणि वाचणारेही उरतील हा, तर आजच्या दिवसांत विशेषच स्पृहणीय. तथापि त्या बंद हस्तलिखितांचा विचार करताना माझ्या मनात एक कुशंका येते. कुलपातला ग्रंथ काळाच्या आरपार जातो की काळ त्याच्या बाजूने निघून जातो? शंभर वर्षे ज्याला कोणी हात लावला नाही, ज्याचा एक शब्द कोणी चुकीचा पाठ केला नाही, ज्याच्या समासात कोणा चिडखोर वाचकाने काही खरडले नाही, तो ग्रंथ शंभर वर्षांनी प्रकट झाला तरी त्याचे वय पहिल्या दिवसाचेच राहणार. त्याचे प्रकाशन फक्त लांबणीवर पडले.

मराठीतला अनुभव याच्या उलट टोकाचा आहे. ज्ञानेश्वरी शके १२१२ मध्ये सांगितली गेली. १८४५ साली बाळशास्त्री जांभेकरांनी ती छापून काढली. मधली साडेपाचशे वर्षे ती लोकांच्या हातांत, मुखांत आणि स्मरणात होती, आणि जे लोकांच्या हातांत असते ते मळणारच. कोणी न समजलेला शब्द समजेल असा केला; कोणी भक्तीच्या भरात आपली एक ओवी मधे सोडून दिली; कोणा लेखनिकाच्या डोळ्यांसमोरून दोन सारख्या ओळींमधली एक निसटली. म्हणून शके १५०६ मध्ये पैठणास एकनाथांना प्रती मिळवून, ताडून पाहून, शुद्ध प्रत सिद्ध करावी लागली, आणि यापुढे जो कोणी आपली ओवी यात घालील त्याने अमृताच्या ताटात करवंटी ठेवली असे समजावे, अशा आशयाची ताकीद द्यावी लागली. या ताकिदीचे मला फार दिवस कौतुक वाटत होते. आता थोडी हळहळही वाटते. नाथांनी करवंट्या काढून टाकल्या हे योग्यच. परंतु कोणती करवंटी कोणत्या गावची होती, याची यादी त्यांनी ठेवली असती, तर तीन शतकांतल्या महाराष्ट्राने ज्ञानेश्वरी कशी ऐकली, कुठे अडखळत ऐकली, याचा एक विलक्षण कागद आज आपल्या हाती असता. संतांकडे दप्तरदाराची अपेक्षा करणे हा माझा करंटेपणा आहे, हे मी जाणून आहे.

महानुभावांनी ही यादी ठेवली. म्हाइंभटांनी चक्रधरांच्या आठवणी ज्यांच्या त्यांच्याकडे जाऊन विचारून, नागदेवाचार्यांकडून पारखून घेऊन, लीळाचरित्र सिद्ध केले. पुढे परचक्राच्या धामधुमीत मूळ प्रत नाहीशी झाली, असे परंपरा सांगते. मग शिष्यांनी तो ग्रंथ आपापल्या स्मरणातून पुन्हा उभा केला. स्मरणे जुळेनात. कोणा एकाचेच खरे धरून बाकीच्यांना गप्प बसविणे सोपे होते, आणि पंथाच्या शिस्तीला ते शोभलेही असते. परंतु त्यांनी पाठभेद नोंदवून ठेवले, कोणाच्या आठवणीत प्रसंग कसा होता हे राहू दिले. छापखाना या देशात येण्यास अजून दोन शतकांहून अधिक अवधी होता, तेव्हा मराठीत संपादनाची ही शिस्त होती. माझ्या जित्याच्या प्रकाशनगृहाचा पहिला फडणीस मी याच मंडळींतून नेमीन.

साच्याकडे पुन्हा वळतो. हमरापूरच्या बाजूला एका कारखान्यात मी काही वेळ बसलो होतो. बाहेर पाऊस, आत ओल्या मातीचा आणि रंगाचा वास, आणि फळ्यांवर डोळे नसलेल्या पांढऱ्या मूर्तींच्या रांगा. डोळ्यांची आखणी अगदी शेवटी होते आणि ती दुसऱ्याच, जास्त मजुरीच्या, हाताचे काम असते. तिथल्या कारागिराने एका कच्च्या मूर्तीच्या उजव्या पायाचा अंगठा मला दाखविला. त्याच्या कडेला तांदळाच्या कणीएवढा उंचवटा होता. साचा ओतताना हवेचा एक बुडबुडा राहून गेला, तो आता त्या साच्यातून निघणाऱ्या प्रत्येक मूर्तीच्या अंगठ्यावर उतरतो. पुढे तो म्हणाला ते मला अधिक महत्त्वाचे वाटले. पलीकडच्या एका मांडवात त्याच घडणीच्या मूर्ती होतात आणि त्यांच्याही अंगठ्याला तोच उंचवटा आहे. तेव्हा त्यांचा साचा मूळ नमुन्यावरून काढलेला नसून याच्या मूर्तीवरून उचललेला आहे, हे याला न विचारता समजले. मूर्तीवरून काढलेल्या साच्यात बोटांची पेरे, दागिन्यांची नक्षी थोडी बोथट होते; त्या साच्यातल्या मूर्तीवरून पुन्हा साचा काढला तर आणखी बोथट. किती पिढ्या झाल्या ते नखांवरून ओळखता येते.

विष्णु सीताराम सुखठणकर यांनी पुण्यास भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरात बसून महाभारताच्या पोथ्यांविषयी जे सिद्ध केले, त्याचे मर्म त्या अंगठ्यात आहे. दोन पोथ्या शुद्ध असल्या तर त्यांचे परस्परांशी नाते काय, हे कळण्यास मार्ग नसतो, कारण शुद्ध पाठ सर्वांचाच सारखा. दोन पोथ्यांत एकच चमत्कारिक चूक सापडली, की त्या एका उदरातल्या हे उघड होते. पोथ्यांचे कुलवृत्तान्त चुकांवरून मांडता येतात. महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीच्या या कार्याचा आरंभ १ एप्रिल १९१९ रोजी वृद्ध रामकृष्ण गोपाळ भांडारकरांच्या हस्ते झाला आणि समाप्ती १९६६ मध्ये. काश्मीरच्या शारदा लिपीपासून मलयाळम लिपीपर्यंतच्या १२५९ हस्तलिखितांचा उपयोग झाला आणि १९ खंड निघाले. भांडारकर १९२५ मध्ये निवर्तले. सुखठणकर त्याच वर्षी मुख्य संपादक झाले आणि १९४३ मध्ये, सभापर्वाचे काम दुसऱ्यांच्या हाती असताना, गेले. त्यांच्यानंतर बेलवलकर आणि शेवटी परशुराम लक्ष्मण वैद्य. ज्याने पहिले अक्षर लिहिले त्याने शेवटचे पाहिले नाही, आणि ज्याने शेवटचे पाहिले त्याला पहिल्याच्या निर्णयांवर विसंबावे लागले. विसंबता आले, ते का? पहिल्याने आपला संशय लपवून ठेवला नव्हता म्हणून. ज्या पाठाची खात्री नाही त्याच्याखाली त्या आवृत्तीत एक नागमोडी रेघ छापलेली आहे, आणि टाकून दिलेले सर्व पाठ पानाच्या तळाशी बारीक टाइपात हजर आहेत. उद्याच्या पंडिताला वाटले तर त्याने वरचा पाठ खाली न्यावा आणि खालचा वर आणावा; त्यासाठी लागणारा सर्व मुद्देमाल त्याच पानावर त्याच्या स्वाधीन केलेला आहे. ही रेघ मला त्या १९ खंडांतली सर्वांत निर्भय गोष्ट वाटते.

येथे व्यवहारी वाचक विचारील, की हे सर्व ठीक, पण पैसा कोणाचा? प्रश्न रास्त आहे. महाभारताला औंधच्या पंतप्रतिनिधींनी लाख रुपये देऊ केले होते. सरकारे आणि संस्थाने यांच्या देणग्यांवर ते काम चालले. त्याही आधीची गोष्ट पाहा. नाना फडणिसांच्या काळी पुण्यात इंग्रज वकील मॅलेट याच्या नादाने एका तांबटाने तांब्याच्या पत्र्यावर उलटी अक्षरे कोरण्याची कला साधली आणि गीता छापण्याचा बेत झाला. नाना १८०० मध्ये वारले, मॅलेट विलायतेस गेला, आणि ती गीता १८०५ मध्ये मिरजेस पटवर्धनांच्या आश्रयाने निघाली, असा वृत्तान्त आहे. आश्रयदाता बदलला, कारागीर तोच राहिला, म्हणून ग्रंथ तरला. पण आश्रयदाते सदाच मिळत नाहीत, आणि मिळाले तरी त्यांच्या मर्जीचे ओझे ग्रंथाला वाहावे लागते. मला निर्णयसागराची रीत अधिक शहाणपणाची वाटते. राणोजी रावजी आरू यांनी कोरलेल्या सुरेख टाइपांत त्या छापखान्याने एकीकडे घरोघर खपणारे पंचांग काढले आणि दुसरीकडे १८८६ पासून काव्यमालेत असे संस्कृत ग्रंथ काढले, की ज्यांचे गिऱ्हाईक बोटांवर मोजावे. वर्षाच्या पुस्तकाने शतकांच्या पुस्तकाचे पोट भरले, असा माझा तर्क आहे. जमाखर्च मी पाहिलेला नाही. जित्याच्या गृहाचा ताळेबंद मी असाच मांडीन: उत्पन्नाच्या बाजूस पंचांग, खर्चाच्या बाजूस पाठभेद.

मात्र एवढ्याने माझा मुद्दा निर्विवाद ठरत नाही, आणि त्यास सर्वांत बळकट हरकत याच तालुक्यातून निघते. जित्याहून फार दूर नव्हे अशा गागोदे बुद्रुक येथे ११ सप्टेंबर १८९५ रोजी विनोबांचा जन्म झाला. त्यांनी ऑक्टोबर १९३० ते फेब्रुवारी १९३१ या चार महिन्यांत गीताई रचली, आणि छापण्यापूर्वी आश्रमातल्या मुलींना शिकवून पाहिली. जिथे मुली अडल्या तिथला शब्द त्यांनी बदलला. टाकलेल्या शब्दांची यादी छापून त्यांनी मुलींपुढे ठेवली नाही. कशासाठी ठेवावी? ज्याला संध्याकाळी प्रार्थनेत म्हणायचे आहे त्याला पाठभेद नको असतो, पाठ हवा असतो. मग १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत, अठरा रविवारी, त्यांनी गीतेवर जी प्रवचने दिली ती साने गुरुजींनी लिहून घेतली म्हणून राहिली. बोलणारा कैदी, लिहिणारा कैदी, आणि समोर बसलेले श्रोतेही कैदी. या प्रकाशनगृहाला ना भांडवल ना दप्तर. तरीही ते पुस्तक भारतातल्या बहुतेक भाषांत गेले. आणि गीताईचे तर वर्ध्याच्या गीताई मंदिरात अठरा अध्याय शिळांवर कोरून उभे केलेले आहेत, आणि दगडावर नागमोडी रेघ कोणी काढीत नाही.

ही हरकत मला पूर्णपणे परतविता येत नाही. लोकांच्या ओठी जायचे त्याला एकच रूप लागते आणि ते रूप देणाऱ्याला निर्णय करून मोकळे व्हावे लागते, हे मान्य केलेच पाहिजे. परंतु विनोबांनी मुलींपुढे शब्द ठेवून पाहिले, हे आपल्याला आज माहीत आहे. कोणीतरी ती हकीकत टिपून ठेवली म्हणून माहीत आहे. ती हकीकत नसती तर गीताईचे सोपेपण आपण प्रतिभेच्या खात्यावर जमा केले असते, आणि अडखळणाऱ्या मुलींचे देणे बुडाले असते. ओठांसाठी एक प्रत आणि दप्तरासाठी दुसरी, असा दुहेरी हिशेब ठेवणे अवघड आहे, खर्चाचे आहे, आणि प्रकाशनाच्या धंद्यात तर बहुधा हास्यास्पद आहे. आपल्याकडे दुसरी आवृत्ती निघते तेव्हा पहिलीतल्या चुका मुकाट्याने दुरुस्त होतात, किंवा मुकाट्याने तशाच राहतात. दोन्ही बाबतींत मुकाटपणा समान. माझ्या घरी एका नामांकित कादंबरीच्या दोन आवृत्त्या आहेत. त्यांत एका पात्राच्या मृत्यूचा महिना वेगळा आहे. लेखकाने तो बदलला की जुळाऱ्याने, हे सांगणारा माणूस आता कुठे शोधावा?

हमरापूरच्या त्या कारागिराला मी निघताना विचारले होते, की साच्यातला बुडबुडा एवढासा आहे, तर तो बुजवून का टाकीत नाही. त्याने हातातल्या मूर्तीच्या सांध्यावरची रेघ पॉलिश कागदाने घासणे थांबविले नाही. म्हणाला, “बुजवायला कितीसा वेळ लागतो, काका? पण बुजवला तर आमचा साचा कुठं कुठं गेलाय, ते आम्हाला कळायचं कसं?”